मधलं शटल कुणाचं, कोच?

कोच, हे तुम्हाला वाचता येणार नाही. हरकत नाही. सहा वर्षं दर रविवारी तुम्ही आमच्यावर कोरियनमधून ओरडलात, ते तरी आम्हाला कुठे कळत होतं? पण पोचायचं बरोबर, थेट गुडघ्यापर्यंत. माझंही पोचेल असं धरून चालते.

इथे सिंगापूरच्या मंडळाच्या अंकाला तुमच्यावर लेख हवाय. संपादकांचा निरोप आला, "वहिनी, दोन पानं द्या. जन्म, शिक्षण, कारकीर्द, जिंकलेल्या स्पर्धा, असं व्यवस्थित." तुमचा जन्म कुठल्या गावचा ते मला ठाऊक नाही. शिक्षण विचारलं असतं तर तुम्ही रॅकेट दाखवली असती. स्पर्धांची यादी तुमच्या मुलीकडे असेल. माझ्याकडे आहे ती एक कबुली, दोन वर्षं पोटात ठेवलेली. ती तुम्हाला सांगायच्या आधीच गेल्या मंगळवारी तुम्ही निघून गेलात. थांबायचं ना थोडं! सर्व्हिस करताना समोरचा तयार आहे का ते आधी बघायचं, हे तुम्हीच शिकवलंत ना आम्हाला?

बेडोकच्या त्या कम्युनिटी हॉलमध्ये आम्ही आठ मराठी माणसं बॅडमिंटन खेळायला यायचो. सगळे चाळिशी ओलांडलेले, निम्मे बँकांतले, निम्मे आयटीतले, मी एकटी अकाउंटंट. खेळ कसला, घाम येईल इतपत गप्पा. क्लबने नवे कोच आणलेत, एकेकाळी कोरियाकडून डबल्स खेळलेले, असं कळलं तेव्हा आम्हाला वाटलं, चला, फोटो काढायला बरं. पहिल्याच रविवारी मी आणि माझा नवरा अविनाश एका बाजूला होतो. शटल आलं ते बरोबर आमच्या दोघांच्या मधे. मी अविनाशकडे बघितलं, अविनाशने माझ्याकडे बघितलं, आणि शटल आमच्या मधोमध आरामात जमिनीवर टेकलं.

"तुझं होतं!" अविनाश म्हणाला.

"माझं कसलं? तुझ्या फोरहँडला होतं सरळसरळ!"

"अगं, तू तिथे खांबासारखी उभी..."

तुमची शिट्टी वाजली. बुटके, टकले, ट्रॅकपँट पार छातीपर्यंत ओढलेली. "मॅडम. सर. हूज शटल?" आम्ही दोघांनीही एकमेकांकडे बोट दाखवलं. तुम्ही शांतपणे म्हणालात, "ओके. बोथ. फ्रॉग जंप. टेन." आम्ही हसलो. तुम्ही हसत नव्हतात. बँकेत दोनशे माणसं ज्याला सर म्हणतात तो माझा नवरा बेडोकच्या हॉलमध्ये बेडूकउड्या मारायला लागला, आणि शेजारी मी, पंजाबी ड्रेसची ओढणी कमरेला खोचून.

मग नियम सांगितलात. माझ्या हॉलमध्ये 'युवर्स' चालणार नाही. मधलं शटल आलं की दोघांनीही 'माइन' म्हणायचं आणि दोघांनीही जायचं. "रॅकेट हिट रॅकेट? गुड. ब्रोकन रॅकेट? व्हेरी गुड. शटल ऑन फ्लोअर, नो गुड." आणि पडलंच, तरी 'माझं होतं' असंच म्हणायचं. त्याला शिक्षा नाही. 'तुझं होतं' म्हणाल तर उड्या. मराठीत काय म्हणतात ते विचारून घेतलंत, आणि पुढे सहा वर्षं तुम्ही आमच्या अंगावर "माझं! से माझं!" असं खेकसत राहिलात. हॉलमधल्या चिनी आजोबांनाही तो शब्द पाठ झाला. दोघांचं भांडण लागलं की तेही लांबून ओरडायचे, "माझं, माझं!"

उड्या मोजायची तुमची तऱ्हा तर काय सांगावी. हाना, तुल, सेत, असं ठणठणीत आवाजात सुरू. नवाला तुमच्याकडे आहोप म्हणतात आणि दहाला योल. तुम्ही आहोपपर्यंत सरळ यायचात आणि मग तिथेच अडकायचात. "आहोप! आहोप! आहोप!" ज्याचा गुडघा नीट वाकला नसेल त्याच्यासाठी दहा यायचाच नाही. माझी लेक सई तेव्हा नऊ वर्षांची. बाकावर बसून बघायची आणि म्हणायची, "आई, युअर कोच काउंट राँग लाह." तिला कुठे माहीत, की जगात तुमच्याइतकं बरोबर मोजणारा माणूस नव्हता.

आपलं एक भांडण अर्धवट राहिलं, तेही इथेच सांगून टाकते. माझी सर्व्हिस. मी फोरहँडने, खालून, लहानपणी वाड्याच्या... नाही, वाडा नव्हता, आमच्या कर्वेनगरच्या सोसायटीच्या पार्किंगमध्ये शिकले तशी करते. तुम्ही म्हणायचात, "मॅडम, दिस सर्व्हिस, माय ग्रँडमदर." मी म्हणायचे, आजीची तर आजीची, नेटच्या पलीकडे जाते ना? सहा वर्षांत ना तुम्ही हटलात ना मी. अजूनही मी तशीच करते.

तुमची कारकीर्द आम्हाला कळली ती तुकड्यातुकड्यांनी. आमच्यातल्या एकाने नेटवर एक जुनी मॅच शोधून काढली. आठही जण मोबाइलवर डोकी घालून बसलो आणि पहिलीच आरोळी उठली, "अरे, कोचला केस!" केसच केस होते, कोच, कपाळावर झुलणारे. नेटपाशी तुम्ही मांजरासारखे दबा धरून, आणि मागे एक उंच, खांदे पाडून उभा राहणारा माणूस, जो सगळं अंगावर घेऊन हाणत होता. मी विचारलं, "हे कोण?"

"ओक," तुम्ही म्हणालात.

अविनाश एकदम सरसावून बसला. "ओक? कुठले ओक?"

"सोल."

"मूळचे कोकणातले असणार," अविनाशने मला हळूच सांगितलं.

सोळाव्या वर्षी सरावाच्या वसतिगृहात तुम्हाला एका खोलीत टाकलं. ओक दोन वर्षांनी मोठे. म्हणून त्यांची बॅग तुम्ही उचलायची, त्यांचे मोजे तुम्ही धुवायचे, जेवताना त्यांनी चमचा उचलल्याशिवाय तुम्ही उचलायचा नाही. अकरा वर्षं एकत्र खेळलात, देशोदेशी हिंडलात, कप आणलेत. हे सगळं तुम्ही एका दमात सांगितलंत. मी विचारलं, आता काय करतात ते? "चिकन," म्हणालात. एका लहान शहरात त्यांचं तळलेल्या चिकनचं दुकान आहे. मग मी विचारलं, बोलणं होतं का? तेव्हा तुम्ही उठून कोर्टावरची शटलं गोळा करायला लागलात. कोर्टावर एकही शटल नव्हतं. त्यावरून आम्ही काय ते समजलो.

आता त्या खोक्यांकडे येते.

दर वर्षी शरदात तुमचा मोठा सण असतो, आपल्या दिवाळीच्या जरा आधी. तेव्हा घरच्या थोरांना भेटीची खोकी पाठवायची पद्धत. दर वर्षी तुम्ही ओकांसाठी एक खोकं भरायचात, शटलच्या रिकाम्या कार्टनमध्ये, आणि क्वीन्सटाउनच्या तुमच्या खोलीतून इथपर्यंत एमआरटीच्या ट्रेनने घेऊन यायचात, की क्लासनंतर पोस्टात टाकू. आणि परत घेऊन जायचात. तीन वर्षं मी हे बघितलं. चौथ्या वर्षी माझा संयम सुटला. म्हटलं, "द्या इकडे. मला नाहीतरी उद्या पोस्टात जायचंय." माझा धाकटा भाऊ श्री टोरांटोला, त्याला मी दरसाल भाऊबीजेचा फराळ पाठवते. पोचायला वेळ लागतो म्हणून दिवाळीच्या बऱ्याच आधी करून ठेवते. तुम्ही खोकं दोन्ही हातांनी धरून उभे राहिलात. मी अक्षरशः ओढून घेतलं. मग तुम्ही पत्त्याचा कागद दिलात, आणि वर आणखी एक रिकामं कार्टन दिलंत. "फॉर युवर ब्रदर. स्ट्राँग बॉक्स."

तर अशी दोन खोकी आमच्या जेवणाच्या टेबलावर. एकसारखी. एकात माझ्या चकल्या, चिवडा, बेसनाचे लाडू. दुसऱ्यात तुमचं काय होतं ते मला माहीत नव्हतं. मी दोन्हींना तपकिरी टेप मारून घेतली. नंतर फोनवर आईशी अनारशांच्या पिठावरून हुज्जत घालत घालत मी दोन लेबलं लिहिली आणि चिकटवली. मी. ज्या बाईने चोवीस वर्षांत एक आकडा चुकीच्या रकान्यात टाकला नाही, तिने.

तीन आठवड्यांनी श्रीचा फोन. "ताई, भाऊबीजेला शटल?"

"काय बरळतोयस?"

"एक जुनं शटल आहे, पिसं तुटलेलं. गुडघ्याला चोळायच्या तेलाच्या बाटल्या आहेत. अननसाचे टार्ट आहेत, ते फस्त झाले. आणि एक बंद पाकीट, वर चिनी की जपानी काहीतरी लिहिलंय. ताई, तू बरी आहेस ना?"

मी खुर्ची ओढून बसले. सतरा वर्षांच्या अबोल्यानंतर तुम्ही तुमच्या जोडीदाराला पहिल्यांदा काही पाठवलं होतंत, आणि त्यांच्या दारात जाऊन पडला होता बेसनाचा लाडू.

तुम्हाला कसं सांगावं याचा विचार करेपर्यंत रविवार उजाडला. तुम्ही हॉलमध्ये आधीच उभे होतात. चेहरा दगडाचा. "मॅडम. ओक कॉल मी." पाठवणाऱ्याच्या रकान्यात तुमचा नंबर होता ना. मी म्हटलं, संपलं. "काय म्हणाले?" तुम्ही म्हणालात, "ही से, ऑइल टेम्परेचर गुड."

सतरा वर्षांनी पहिलं वाक्य, कोच! तेलाचं तापमान! तो माणूस रोज उठून चिकन तळतो, त्याने चकली मोडून बघितली असणार, आत कशी शिजलीय ते. मग त्यांनी विचारलं, कुणी केलं हे? आणि तुमच्या तोंडून सवयीने निघून गेलं, "माइन." ज्या माणसाला अंडं उकडता येत नाही त्याने काट्याच्या चकल्या केल्या म्हणून सांगितलं. आणि मग म्हणे दीड तास फोन चालला.

हे सगळं चांगलंच झालं होतं. पण मग तुम्ही सगळ्यांसमोर विचारलंत, "हू पुट राँग लेबल?" तेवढ्याच करड्या आवाजात. आठ जणांचे डोळे माझ्यावर. आणि कोच, माझी बोबडी वळली. मी म्हटलं, "अविनाशने."

अविनाश त्या वेळी पाण्याची बाटली उघडत होता. त्या दिवशी तो लेबलांच्या आसपासही नव्हता, ऑफिसात होता. त्याने माझ्याकडे बघितलं. बाटलीचं झाकण परत लावलं. आणि म्हणाला, "यस कोच. माझं." नियमाने 'माझं' म्हणणाऱ्याला शिक्षा नव्हती. तरी तुम्ही म्हणालात, "थर्टी." एकावन्नाव्या वर्षी त्याने तीस बेडूकउड्या मारल्या, आणि तुमचे आहोप धरले तर चाळीसच्या वर. दोन आठवडे नी-कॅप लावून बँकेत गेला. घरी येऊन मला एवढंच म्हणाला, "मेथीची भाजी कर." आणि तेव्हापासून कुठलंही भांडण मी जिंकत आले की तो सावकाश म्हणतो, "लेबल." संपलं. वकिली बंद.

सांगते, सांगते म्हणत राहिले. एकदा वाटलं, आता जुनं झालं. मग वाटलं, आता सांगितलं तर 'इतके दिवस का नाही' म्हणून वेगळ्या उड्या.

पुढच्या वर्षी तुम्ही सणाच्या महिनाभर आधी माझ्या दारात हजर. "मॅडम, टीच. धिस इयर रिअल माइन." अविनाशचा एप्रन घालून माझ्या स्वयंपाकघरात उभे राहिलात. पुण्याहून आलेली भाजणी मी भिजवली, पीठ सोऱ्यात भरलं आणि तुमच्या हातात दिलं. काय मनगट हो! मला एक घाणा पाडताना दम लागतो. तुम्ही एका लयीत दाबत गेलात आणि कागदावर एकासारखी एक, मापाने काढल्यासारखी चकली. मी जळले. खरंच जळले. माझ्या सासूबाईंनी बघितल्या असत्या तर मला आणखी दहा वर्षं ऐकावं लागलं असतं.

पण तळण्यात तुम्ही शून्य. मी सांगतेय, आच मंद ठेवा, चकली वर येऊ द्या, बुडबुडे कमी होऊ द्या. तुम्ही झारा धरून नेटपाशी उभे असल्यासारखे, की कधी एकदा झडप घालतो. मी सहज विचारलं, "काय झालं होतं तुमच्या दोघांचं?" आणि तुम्ही कढईकडे बघत सांगितलंत.

मोठ्या स्पर्धेची फायनल. शेवटचा पॉइंट. शटल मधे आलं. मोठ्या माणसाचं शटल ओढून घ्यायचं नाही म्हणून तुम्ही थांबलात, आणि धाकटा चपळ आहे, तो घेईल म्हणून ते थांबले. पडलं. हरलात. इथवर ठीक होतं, माणसं हरतात. पण बाहेर पत्रकारांनी विचारलं, हूज शटल? "अँड आय से..." तुम्ही थांबलात. तेलाला धूर यायला लागला होता, पण माझी हिंमत होईना गॅसला हात लावायची. "आय से, हिज."

दुसऱ्या दिवशी ते पेपरात छापून आलं. ओक काही बोलले नाहीत. म्हणजे काहीच बोलले नाहीत. त्यानंतर आठ महिने तुम्ही एकत्र खेळलात, एका शब्दाविना, आणि वर दोन स्पर्धा जिंकलात. माझे सासू-सासरे असाच अबोला धरून तीस वर्षं संसार करत होते, पण त्यांना कुणी कप दिला नाही. मग एक दिवस ओक बॅग उचलून गेले. स्वतःची बॅग, स्वतः उचलून. ते सांगताना तुमचा आवाज फुटला. एवढ्या वर्षांत मी तुमचा फुटलेला आवाज तेवढाच ऐकला.

चकल्या अर्थात कोळसा झाल्या होत्या. वरून काळ्या आणि आतून कच्च्या. मी म्हटलं, या टाका, मी माझ्या देते. तुम्ही माझ्या हातातून ताट काढून घेतलंत. "नो. माइन." आणि तेच पाठवलंत. पहिल्या वर्षीचं ते पाकीट श्रीने कुणाबरोबर तरी परत पाठवलं होतं, ते मी पुढे केलं, हे घालायचं का? तुम्ही म्हणालात, "यू कीप. नाऊ वी टॉक." मी ते आमच्या पासपोर्टांच्या खणात ठेवलं.

मग यंदा तुमच्या छातीत दुखायला लागलं आणि नोव्हेनाच्या हॉस्पिटलात ठेवलं. मी डबा घेऊन आले, ठरवून आले, की आज सांगायचंच. "कोच, ते लेबल..." तुम्ही उशीवरून मान वळवलीत, बाजूचा सूपचा चमचा उचललात आणि माझ्या हातात बॅकहँड ग्रिपने धरवलात. "मॅडम. थम्ब हिअर. शॉर्ट सर्व्हिस." नर्स बघतेय, मी चमच्याने सर्व्हिस करतेय. अंगठा कुठे ठेवायचा यावर आपण वीस मिनिटं भांडलो. मग तुम्ही दमलात आणि म्हणालात, "टुमारो." मीही बरं म्हटलं. मला सुटल्यासारखं झालं, खोटं कशाला बोलू. त्या 'टुमारो'चं काय झालं ते तुम्हाला माहीतच आहे.

गुरुवारी तुम्हाला निरोप द्यायला ओक आले. अजूनही सगळ्यांपेक्षा उंच, खांदे तसेच पाडलेले, हातांवर तेल उडाल्याचे जुने चट्टे. तुमची मुलगी मधे बसून एकाचं दुसऱ्याला सांगत होती. मी पर्समधून पाकीट काढलं, म्हटलं, हे तुमचं. दोन वर्षं उशीर झाला. त्यांनी उघडलं. मोठ्ठं पत्र असेल असं मला वाटलं होतं. एकच ओळ. वाचून त्यांनी कागद खाली ठेवला आणि तुमच्या फोटोकडे बघून असे जोरात ओरडले, की रांगेतली माणसं दचकली. तुमच्या मुलीला हसू आवरेना आणि रडूही. ती म्हणाली, "बाबांनी लिहिलंय, ते शटल माझं होतं. आणि अंकल म्हणतायत, मूर्खा, माझं होतं! मी मोठा होतो, मी ओरडायला हवं होतं!"

घ्या. इतक्या वर्षांनी दोघं एकदम शटलवर गेलात. रॅकेटवर रॅकेट. तुमच्या हिशोबाने व्हेरी गुड.

मग ओक मला म्हणाले, पहिल्या चकल्या त्याच्या नव्हेत हे मला पहिल्याच घासाला कळलं होतं. इतकं शांतपणे मिन तळूच शकत नाही. मिन म्हणजे तुम्ही. दुसऱ्या वर्षीच्या आल्या त्या मात्र बघितल्याबरोबर ओळखल्या. वेढ्यात त्याचं मनगट दिसत होतं, आणि तळल्या होत्या गाढवाने. त्यातली एक अजून दुकानात काचेच्या बरणीत ठेवलीय. गिऱ्हाईक विचारतं, हे काय? ते सांगतात, माझ्या जोडीदाराने केलंय.

इथवर मी कशीबशी तग धरून होते. तेवढ्यात अविनाश पाण्याचे ग्लास घेऊन आला. ओकांनी त्याला खालपासून वरपर्यंत बघितलं, बोट दाखवलं आणि विचारलं, "फ्रॉग?"

मग तुमच्या मुलीने त्यांचं सगळं बोलणं मला सांगितलं. कोच! तुम्हाला माहीत होतं! हॉलच्या हजेरीची वही सहा वर्षं मी लिहिली, माझं अक्षर तुम्ही हजारदा बघितलेलं. ओकांनी खोक्यावरच्या लेबलाचा फोटो पाठवला त्या दिवशीच तुम्ही ओळखलंत. म्हणजे हॉलमध्ये "हू पुट राँग लेबल" म्हणून दरडावलंत ते सगळं माहीत असताना! आणि तरी माझ्या नवऱ्याला तीस उड्या! त्याच्या गुडघ्याचा विचार केलात का काही? मी तिथेच, तुमच्या फोटोसमोर, चिडले तुमच्यावर. मुलीला म्हटलं, विचार यांना, का नाही अडवलं त्यांनी अविनाशला? ओकांनी सांगितलं, हे मीही विचारलं होतं त्याला फोनवर. तो म्हणाला, जोडीदार धावत येऊन तुमचं शटल घेतोय, तर मधे पडायचं नाही.

आणि मॅडमचं काय, असंही ओकांनी विचारलं होतं. तुम्ही म्हणाला होतात, मॅडम म्हणेल. वेळ लागतो. मला सतरा वर्षं लागली.

मग मला जे रडू फुटलं ते फुटलं. अविनाशने पाण्याचा ग्लास पुढे केला, मी तो घेतला नाही, त्याचा हातच घेतला.

काल रविवार होता. ओकांचं विमान संध्याकाळचं, म्हणून त्यांना तुमचा हॉल दाखवायला घेऊन गेलो. सगळे आले होते, चिनी आजोबा सुद्धा. कुणाला खेळावंसं वाटत नव्हतं, नुसतेच उभे होते. मी कोर्टाच्या मधोमध गेले. सई आता पंधराची आहे, तिने डोळे मोठे करून खुणेने विचारलं, आई, व्हॉट आर यू डुइंग? मी ओढणी कमरेला खोचली आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं म्हटलं, "दोन वर्षांपूर्वीचं ते लेबल अविनाशने नव्हतं लावलं. मी लावलं होतं. माझं."

आणि बसले बेडूक होऊन. तीस.

सहाव्या उडीला डोळ्यांपुढे काजवे चमकले. शेजारी धप्पकन आवाज झाला, बघते तर अविनाश. नी-कॅप लावून, उकिडवा. "ऊठ, उरलेल्या माझ्या," म्हणाला.

"अजिबात नाही. माझ्या आहेत."

"अगं, पडशील."

"तू पड. माझ्या म्हटलं ना!"

भांडत भांडत दोघंही उडायला लागलो. तेवढ्यात मागून तुमचा आवाज आला. म्हणजे ओकांचा, पण अगदी तुमच्यासारखा, छातीतून निघालेला ठणठणीत. दोघं एकाच वसतिगृहात, एकाच मास्तरच्या हाताखाली वाढलात, आता आलं लक्षात. "हाना! तुल! सेत!" मी मान खाली घालून उडत राहिले. घाम, डोळ्यांतलं पाणी, सगळं एकत्र. ते मोजत मोजत आहोपपर्यंत आले. मी मनात म्हटलं, आता योल, एक दहा तर झाले.

"आहोप!" ओक म्हणाले. माझ्या गुडघ्यांकडे बघितलं त्यांनी. "आहोप! आहोप!"

सगळे हसायला लागले. मीही. योल काही येईना, कोच, आणि काल पहिल्यांदाच मला तो यायला नको होता.